सहाशे मैल डावीकडे: शार्लटची शर्यत पाहायची कशी

माझ्या मावशीनं टीव्हीवर दहा मिनिटं नॅस्कार, म्हणजे त्या नावाच्या अमेरिकी संस्थेची मोटारशर्यत पाहिली आणि म्हणाली, "घाण्याचा बैल तरी दमला की थांबतो रे, हे थांबतच नाहीत!" तिचं काही चुकलं नव्हतं. ३६ ते ४० गाड्या, सगळ्या डावीकडेच वळणाऱ्या, एकाच वाटेवरून चारशे फेऱ्या. मी नॉर्थ कॅरोलायनात राहायला आलो त्या वर्षी ऑफिसातल्या मंडळींबरोबर शर्यतीला गेलो, तेव्हा मलाही इतकंच दिसलं होतं. त्यात खालून तिसऱ्याच रांगेत बसलो होतो, कानात बोळे नव्हते, आणि रात्री घरी आल्यावर बायको काय बोलतेय ते ऐकू येत नव्हतं.

पुढच्या वेळी शेजारच्या म्हाताऱ्या आजोबांनी आपल्या स्कॅनरचा, म्हणजे ड्रायव्हरांचं रेडिओवरचं बोलणं ऐकवणाऱ्या यंत्राचा, एक हेडफोन माझ्या कानाला लावला. एक ड्रायव्हर वैतागून सांगत होता, की गाडी वळतच नाहीये. दहा फेऱ्यांनी तो पिटमध्ये, म्हणजे ट्रॅकलगतच्या टायर-पेट्रोलच्या थांब्यावर आला, टायर बदलून गेला आणि पुढच्या अर्ध्या तासात त्यानं अकरा गाड्या मागे टाकल्या. तेव्हा उलगडा झाला. गाड्या त्याच वाटेनं फिरतात हे खरं, पण ती वाट दर तासाला बदलत असते. ऊन उतरतं, डांबर गार होतं, टायर झिजतात, टाकी हलकी होते. बदलत्या वाटेशी कोण लवकर जुळवून घेतं, हीच शर्यत. ती नुसत्या डोळ्यांनी दिसत नाही, कान आणि घड्याळ सोबत लागतं.

हे शिकायला मेच्या शेवटच्या रविवारच्या आसपास होणारी कोका-कोला ६०० ही शर्यत सगळ्यात चांगली. ती संध्याकाळी सहाच्या सुमारास सुरू होते आणि रात्री दहा वाजून गेल्यावर संपते, त्यामुळे ट्रॅकचा बदल डोळ्यांदेखत घडतो.

आधी ट्रॅक आणि गाडी

शार्लट मोटर स्पीडवे हा खरं तर शार्लट शहरात नाही, शेजारच्या काँकर्ड गावात आहे. ट्रॅकची लांबी दीड मैल, म्हणजे २.४ किलोमीटर. चारशे फेऱ्या झाल्या की ६०० मैल, म्हणजे ९६६ किलोमीटर होतात. समृद्धी महामार्गानं मुंबईहून नागपूर गाठायचं आणि परतीच्या वाटेवर आणखी अडीचशे किलोमीटर यायचं, इतकं ते अंतर. नॅस्कारच्या वेळापत्रकात याहून लांब शर्यत नाही.

पहिली शर्यत १९ जून १९६० रोजी झाली, तेव्हा तिचं नाव वर्ल्ड ६०० होतं. कर्टिस टर्नर आणि ब्रुटन स्मिथ यांनी कर्ज काढून ट्रॅक बांधला. खोदताना कठीण ग्रॅनाइट लागला, खर्च वाढला, वेळ संपला आणि डांबर अगदी शेवटच्या दिवसांत पडलं. शर्यतीत ते उखडू लागलं. उडणाऱ्या खड्यांपासून वाचायला गाड्यांच्या तोंडाला जाळ्या बसवल्या होत्या. जिंकला जो ली जॉन्सन.

वळणांवर ट्रॅक २४ अंशांनी कललेला आहे. टीव्हीवर हा उतार कधीच कळत नाही. प्रत्यक्षात तो घराच्या कौलारू छपरासारखा अंगावर येतो. या कलामुळेच दीड टनाच्या आसपासची गाडी सपाट रस्त्यावर जमणार नाही अशा वेगानं वळू शकते. एक फेरी साधारण ३० सेकंदांची, सरासरी वेग ताशी २९० किलोमीटरच्या घरात. हे ३० सेकंद लक्षात ठेवा, पुढचं सगळं गणित त्यावर आहे. समोरचा सरळ भाग पूर्ण सरळही नाही, त्याला मध्येच बाक आहेत. अशा आकाराला क्वाड-ओव्हल म्हणतात.

या गाड्यांना 'स्टॉक कार', म्हणजे दुकानात मिळते तशीच गाडी, म्हणतात; त्या नावावर जाऊ नका. शोरूममधली गाडी आता इथं औषधालाही सापडणार नाही. शेव्हरोले, फोर्ड आणि टोयोटा अशा तीन कंपन्यांचे चेहरे असतात, पण २०२२ पासून आतला सांगाडा सगळ्यांचा सारखाच आहे. हेडलाइट म्हणजे चक्क स्टिकर. दरवाजे उघडत नाहीत, ड्रायव्हर खिडकीतून आत शिरतो. इंजिन सुमारे ५.९ लिटरचं, आठ सिलिंडरचं व्ही-८, ताकद ६७० अश्वशक्ती. स्पीडोमीटर नाही! पिटच्या गल्लीतली वेगमर्यादा ड्रायव्हर इंजिनाच्या फेऱ्यांवरून पाळतो आणि त्यात चुकला की दंड.

गाडी-तपासणीवरून इथं दर आठवड्याला वाद होतात आणि त्याचं मूळ फार जुनं आहे. नॅस्कारच्या या वरच्या मालिकेची पहिलीवहिली शर्यत १९ जून १९४९ रोजी शार्लटमध्येच, पण दुसऱ्या एका पाऊण मैलाच्या मातीच्या ट्रॅकवर झाली. पहिला आला ग्लेन डनावे. तपासणीत निघालं, की त्याच्या गाडीच्या मागच्या स्प्रिंगा बदललेल्या होत्या. त्या काळी डोंगरातली हातभट्टीची दारू रात्री पोहोचवणाऱ्या गाड्यांना अशाच स्प्रिंगा असत, म्हणजे डिकीत माल भरला तरी गाडी मागून बसायची नाही आणि पोलिसांना संशय यायचा नाही. डनावे बाद झाला आणि कॅन्ससहून आलेल्या जिम रोपरला पहिला नंबर मिळाला. या खेळात हातभट्टीचा वास आहे तो असा.

तिकीट काढताना

जितकं वर बसाल तितकं चांगलं. खालच्या रांगा स्वस्त असतात आणि पहिल्यांदा जाणारा 'जवळून दिसेल' म्हणून तिथंच फसतो, मीही फसलो. तिथून समोरची जाळी आणि डोळ्यांपुढून जाणारे रंगाचे पट्टे एवढंच दिसतं, शिवाय रबराचे कण केसांत. वरच्या रांगांतून सगळा ट्रॅक एका नजरेत येतो. चौथ्या वळणाकडची बाजू मला जास्त आवडते, कारण पिटच्या गल्लीत शिरणाऱ्या गाड्या तिथून दिसतात. ट्रॅकच्या पलीकडच्या अंगाला ६१ मीटर रुंद आणि २४ मीटर उंच पडदा आहे, त्यामुळे लांबचं काही हुकत नाही.

सोमवार मोकळा ठेवा. मे अखेरीस इथं दुपारी वळीव येतो आणि एवढा मोठा ओव्हल (लंबगोल ट्रॅक) ओला असला की त्यावर या गाड्या पळत नाहीत. २०२३ मध्ये शर्यत सोमवारी झाली, रायन ब्लेनी जिंकला. २०२४ मध्ये २४९ फेऱ्यांनंतर पाऊस आला तो आला, ट्रॅक काही सुकला नाही आणि पुढे असलेला क्रिस्टोफर बेल विजेता ठरला. अर्धी शर्यत झाली असेल तर निकाल ग्राह्य धरतात. सुदैवानं तो सोमवार मेमोरियल डेच्या सुट्टीचा असतो.

बाहेरगावाहून येणार असाल तर एक-दोन दिवस आधी या. शार्लट शहरात नॅस्कार हॉल ऑफ फेम आहे. हेन्ड्रिक मोटरस्पोर्ट्सचा कारखाना ट्रॅकपासून अगदी जवळ आणि मूर्सव्हिल, हंटर्सव्हिल या गावांत बाकीचे काही मोठे संघ. कारखाने बघायचे तर आठवड्याच्या मधल्या दिवशी जा आणि त्याआधी त्यांच्या वेळा संकेतस्थळावर पाहून घ्या.

सामान

कानाचं संरक्षण पहिलं. फोमचे बोळे आणि त्यावर इअरमफ, दोन्ही. मुलांच्या बाबतीत तडजोड नको. घातलं नाही तर नेऊ नका, इतकं मी स्पष्ट सांगेन. चाळीस व्ही-८ इंजिनं एकदम उघडली की आवाज छातीत वाजतो, ढोल-ताशाच्या पथकाच्या ऐन मध्ये उभं राहिल्यासारखा. फरक एवढाच, की पथक दोन तासांत दमतं.

दुसरी गोष्ट स्कॅनर. ट्रॅकवर भाड्यानं मिळतो. ड्रायव्हर आणि त्याच्या संघाचं बोलणं इथं कुणालाही ऐकता येतं आणि माझ्या मते तिकिटाइतकाच हा खर्च गरजेचा आहे. फोनच्या अ‍ॅपवरही आवाज मिळतो, पण एवढ्या गर्दीत नेटवर्क रडतं आणि आवाज मागे पडतो.

खाणं-पिणं घरून नेता येतं. मऊ कापडी कूलर आणि पारदर्शक पिशवी चालते, काचेची बाटली चालत नाही. मापं दरवर्षी एकदा तपासा. आम्ही धपाटे, शेंगदाण्याची चटणी आणि ताकाची प्लॅस्टिकची बाटली नेतो. चार-पाच तास टिकणारं आणि एका हातानं खाता येणारं काहीही चालेल; पोह्यांचा डबा एकदा नेला होता, वाऱ्यानं निम्मे पुढच्या रांगेतल्या काकूंच्या टोपीत. टोपी, पातळ जाकीट आणि कमरेखाली घ्यायला उशी. अॅल्युमिनियमच्या बाकावर चार तास म्हणजे शिक्षा असते.

एकच गाडी निवडा

हा माझा सगळ्यात महत्त्वाचा सल्ला. पुढे कोण आहे ते पडदा सांगतो, त्याकडे दुर्लक्ष करा. एक गाडी निवडा आणि रात्री दहापर्यंत तिलाच धरून राहा. विल्यम बायरन (२४) शार्लटचाच पोरगा आहे. काइल लार्सन (५), चेस इलियट (९), डेनी हॅमलिन (११) हे नेहमीचे तगडे. मला रॉस चॅस्टेन (१) आवडतो. त्याचं घराणं फ्लोरिडातलं कलिंगडाचं शेतकरी आणि जिंकल्यावर तो गाडीच्या छतावर उभा राहून कलिंगड जमिनीवर आपटतो. आपल्याकडचा नारळ तो, त्यांच्याकडे एवढंच की काम झाल्यावर फोडतात.

आता त्या गाडीचा रेडिओ लावा. तीन आवाज ओळखायचे. ड्रायव्हर. पिटमधून डावपेच सांगणारा क्रू चीफ. आणि स्टँडच्या छतावर उभा राहून ड्रायव्हरचे डोळे झालेला स्पॉटर. मान बांधलेली, शेजारून गाड्या खेटून चाललेल्या, त्यामुळे ड्रायव्हरला बाजूचं काही दिसत नाही. "इनसाइड", "आउटसाइड", "स्टिल देअर", "क्लिअर" असा स्पॉटरचा अखंड जप चालू असतो. "क्लिअर" ऐकल्याशिवाय वाट बदलायची नाही.

दोन शब्द समजले की निम्मी शर्यत समजली. 'टाइट' म्हणजे स्टिअरिंग फिरवलं तरी नाक वळत नाही, गाडी बाहेरच्या भिंतीकडे जाते. 'लूज' म्हणजे मागचा भाग सुटतो, पावसात शेणावरून गेलेल्या स्कूटरसारखा. टाइट गाडी हळू असते, लूज गाडी भीतीदायक. ड्रायव्हर कुरकुरला की घड्याळ पाहा आणि पुढच्या पिटस्टॉपनंतर फेरीचा वेळ किती बदलला ते पाहा. इथून मजा सुरू होते.

पहिल्या शंभर फेऱ्या

शर्यत शंभर-शंभर फेऱ्यांच्या चार टप्प्यांत असते. बाकी शर्यतींना तीनच टप्पे, हिला चार. पहिल्या तीन टप्प्यांच्या शेवटी पहिल्या दहांना दहापासून एकपर्यंत गुण मिळतात.

सुरुवातीला ऊन असतं, डांबर तापलेलं, पकड कमी. गाड्या घसरत असतात आणि ड्रायव्हर वेगवेगळ्या वाटा शोधतात. कुणी खाली पांढऱ्या रेषेला धरून, कुणी वर भिंतीजवळ. वरची वाट लांब, पण वेग न मोडता जाता येतो. तुमची गाडी कुठून जातेय ते बघा. पुढच्या गाडीच्या अगदी मागे आल्यावर ती अचानक मंदावली तर ड्रायव्हर चुकला असं समजू नका. पुढच्या गाडीनं हवा फाडलेली असते, मागच्याच्या नाकावर दाब उरत नाही आणि गाडी टाइट होते. म्हणून पाठलाग सोपा आणि ओलांडणं अवघड. वाट बदलून स्वच्छ हवा शोधावी लागते.

पिट

टाकीत सुमारे ७५ लिटर पेट्रोल मावतं आणि ते पन्नासएक फेऱ्यांत संपत येतं. पिटमध्ये भिंतीवरून पाच माणसं उडी मारतात: दोघं चाकं खोलणारे, एक टायर आणणारा, एक जॅकवाला आणि एक चाळीस किलोंहून जड कॅन खांद्यावर घेतलेला इंधनवाला. चार टायर आणि पेट्रोल, सगळं दहा-अकरा सेकंदांत. पूर्वी चाकाला पाच नट असायचे, आता मध्ये एकच. जमलंच तर कुणीतरी मागच्या काचेच्या भोकातून लांब पान्हा घालून दोन फेरे देतो, त्यानं वजनाचा तोल बदलतो. टायरची हवा थोडी कमी-जास्त करतात. बस्स, इतक्याच भांडवलावर टाइट गाडीची लूज करायची.

हिरव्या झेंड्याखाली, म्हणजे शर्यत पूर्ण वेगात चालू असताना, पिटमध्ये जाऊन येण्यात जवळपास एक फेरी जाते. आता गंमत पाहा: तुमची गाडी आत्ताच पिटमधून निघाली आणि लगेच कुठंतरी अपघात होऊन पिवळा झेंडा पडला. पिवळ्यात सगळे हळू चालतात, कुणी कुणाला ओलांडत नाही. ज्यांनी अजून पिट घेतलं नव्हतं ते आता निवांत घेतात आणि फेरी न गमावता परततात. तुमची गाडी मात्र एक फेरी मागे. नशीब म्हणतात ते हेच, आणि ते दोन्हीकडून येतं.

मागे पडलेल्यांसाठी पिवळ्यातच दोन वाटा आहेत. मागे पडलेल्यांत जो सर्वांत पुढे, त्याला एक फेरी फुकट परत मिळते. प्रेक्षक त्याला 'लकी डॉग' म्हणतात. दुसरी वाट म्हणजे आघाडीचे पिटमध्ये जात असताना आपण न जाणं. मग वळसा घालून, गेलेली फेरी भरून काढत, रांगेच्या शेवटी जाता येतं, पण जुन्या टायरांवर. पुन्हा सुरुवात दोन रांगांत होते आणि प्रत्येक ड्रायव्हर आतली की बाहेरची रांग ते स्वतः निवडतो. दुसऱ्या रांगेतून पुढे येण्यासाठी एखादा मुद्दाम दोन जागा सोडतो, ते क्षण चुकवू नका.

दोनशेव्या फेरीनंतर

दुसरा टप्पा संपला की गाड्या पिटच्या गल्लीत ओळीनं थांबतात आणि इंजिनं बंद होतात. मेमोरियल डे हा अमेरिकी सैन्यातल्या हुतात्म्यांचा दिवस, आणि या शर्यतीत प्रत्येक गाडीच्या समोरच्या काचेवर एका हुतात्म्याचं नाव लिहिलेलं असतं. दोन तासांच्या गडगडाटानंतर सगळीकडे अचानक शांतता पसरते, झेंड्याच्या दोरीचा खांबावर आपटल्याचा आवाजसुद्धा येतो. उभे राहा, टोपी काढा, धपाट्याचा डबा तेव्हा उघडू नका.

रात्र

दिवे लागले की दुसरीच शर्यत सुरू होते. शार्लटवर १९९२ पासून प्रकाशझोत आहेत. डांबर गार होतं, पकड वाढते, सगळ्यांचा वेग वाढतो आणि उन्हात बसवलेलं गणित बिघडतं. उन्हात मागून सुटणारी गाडी रात्री बहुतेकदा नाक अडवायला लागते. संध्याकाळी सातला पहिला असलेला नऊला आठवा होतो तो यामुळे. हुशार क्रू चीफ उन्हात गाडी थोडी वाईटच ठेवतो, कारण बक्षीस रात्री मिळतं.

२०२५ चं उदाहरण घ्या. बायरननं पहिले तिन्ही टप्पे जिंकले, ४०० पैकी २८३ फेऱ्या तो आघाडीवर होता. चॅस्टेनची गाडी सरावातच टायर फुटून भिंतीवर गेली होती. संघानं राखीव गाडी तयार केली आणि तो सगळ्यांच्या मागून सुटला. शर्यत संपायला सहा फेऱ्या असताना त्यानं बायरनला गाठून ओलांडलं. त्या रात्री पडद्याकडेच बघत बसलेल्यांना बहुतेक वेळ बायरन पुढे दिसला आणि शेवटी धक्का बसला. चॅस्टेनचा रेडिओ लावून बसलेल्यांना तो जवळ येत असल्याचं आधीच कळत होतं.

शेवटच्या दहा फेऱ्यांत पिवळा पडला तर घरी जायची घाई करू नका. शर्यत पिवळ्याखाली संपू नये म्हणून जादा फेऱ्या देतात: हिरवा, पांढरा, मग चौकटीचा झेंडा. तेवढ्यात पुन्हा धडक झाली तर पुन्हा प्रयत्न. २०२२ मध्ये असं करत ४१३ फेऱ्या झाल्या, ६१९.५ मैल. नॅस्कारच्या इतिहासातली ती सगळ्यात लांब शर्यत, हॅमलिननं जिंकलेली.

याच रविवारी दुपारी इंडियानापोलिसला ५०० मैलांची शर्यत असते. काही वेडे ती संपवून विमानानं इथं येतात. दोन्हीकडचे मिळून सगळे ११०० मैल पुरे करणारा अजून एकच झाला आहे: टोनी स्टुअर्ट, २००१ साली, तिकडे सहावा आणि इकडे तिसरा.

भारतातून पाहणाऱ्यांसाठी

संध्याकाळी सहा म्हणजे तुमच्याकडे सोमवारी पहाटेचे साडेतीन. सगळी शर्यत पाहायचा हट्ट नको. पावणेसात-सातला चहा टाका, तेव्हा साधारण शेवटचा टप्पा चालू असेल, ऑफिसच्या आधी संपेल. नॅस्कारच्या संकेतस्थळावर प्रत्येक गाडीच्या फेरीचा वेळ चालू असताना दिसतो. चित्र नसलं तरी निवडलेल्या गाडीचे ३०.४, ३०.५, ३०.७ असे आकडे वाढताना पाहिले, की टायर संपत आल्याचं कळतं. रेडिओवरच्या बोलण्याचे निवडक तुकडे नंतर नॅस्कारच्या यूट्यूब वाहिनीवर येतात. मावशीला मी तेच दाखवले. आणि हो, आपला फॉर्म्युला वनवाला नारायण कार्तिकेयनही २०१० मध्ये याच संस्थेच्या ट्रक मालिकेत उतरला होता, मार्टिन्सव्हिलच्या अर्ध्या मैलाच्या ओव्हलवर पहिल्याच शर्यतीत तेरावा आला. त्या वर्षी त्या मालिकेतला सर्वांत लोकप्रिय ड्रायव्हर म्हणून चाहत्यांनी त्यालाच मत दिलं.

परत निघताना

संपल्या संपल्या गाडीकडे धावू नका. पार्किंगमधून पहिला तासभर कुणी हलत नाही. येताना उतरल्या उतरल्या लॉटच्या नंबराचा फोटो काढून ठेवा, अंधारात सगळी मैदानं सारखी दिसतात. डिकी उघडून बसा, उरलेले धपाटे काढा. शेजारच्या ट्रकवाले हमखास विचारतात हे काय आहे. चटणी देताना तिखट असल्याचं आधी सांगा.